रणांगणावरील धन्वंतरी : बॅरन दोमिनिक लारे

स्मरणिकेच्या पानांत संस्थेच्या वार्षिक वृत्तांताबरोबर एखाद्या थोर व्यक्तीचे चरित्र द्यावयाचे, हा आपल्याकडील जुना प्रघात आहे. बहुधा ही चरित्रे संतांची, समाजसुधारकांची अथवा आपल्याच मंडळींतील कर्तबगार पुरुषांची असतात. यंदा आम्ही थोडी वेगळी वाट धरली आहे. आपल्या कुटुंबांतील कित्येक मुले-मुली आज वैद्यकाचे शिक्षण घेत आहेत. काहींची दृष्टी पुण्याच्या सशस्त्र सेना वैद्यकीय महाविद्यालयाकडे लागलेली असते आणि घरातील वडील माणसांच्या मनात त्याबद्दल अभिमानाबरोबर थोडी धाकधूकही असते. डॉक्टर व्हावे हे सर्वांस पटते. परंतु डॉक्टर होऊन लष्करात का जावे, हा प्रश्न अनेक घरांत विचारला जातो. त्या प्रश्नास आम्ही येथे उत्तर देणार नाही. ज्या एका पुरुषाने लष्करी वैद्यकसेवेला आजचे रूप येण्याचा पाया घातला, त्याची जीवनकथा तेवढी वाचकांसमोर ठेवीत आहोत.

सैन्याबरोबर वैद्य असावा ही कल्पना आपल्यास नवी नाही. सुश्रुतसंहितेच्या सूत्रस्थानात युक्तसेनीय नावाचा एक संपूर्ण अध्याय आहे. वैद्याचे वास्तव्य राजाच्या शिबिराशेजारी असावे आणि तो ध्वजाप्रमाणे दुरूनही सर्वांस दिसावा, असा त्याचा आशय आहे. परंतु ग्रंथात सांगितलेली गोष्ट आणि रणावर प्रत्यक्ष घडणारी गोष्ट ह्यांत जगात सर्वत्रच फार मोठे अंतर राहिले. अठराव्या शतकातील युरोपातही, जेथे तोफा आणि बंदुका वर्षागणिक सुधारत होत्या, तेथे जखमी शिपायाची दशा अत्यंत करुण होती. फ्रान्सच्या सैन्यातील नियमाप्रमाणे रुग्णपथकाने लढाईच्या जागेपासून सुमारे एक कोस मागे राहावयाचे असे. लढाई संपून मैदान आपल्या हाती आले म्हणजे जखमी गोळा करावयाचे. ह्यात चोवीस तास जात, कधी छत्तीस जात. तोवर रक्तस्रावाने, तहानेने अथवा थंडीने बहुतेकांची प्राणज्योत मालवलेली असे. सैन्याने माघार घेतली, तर जखमी शत्रूच्या हाती पडत. अधिकाऱ्यास त्याचे नोकर उचलून आणीत. साध्या शिपायास कोणी नव्हते.

ही स्थिती पालटण्यासाठी ज्यांनी जन्म वेचला ते दोमिनिक झां लारे हे ८ जुलै १७६६ रोजी पिरेनीज पर्वताच्या पायथ्याशी असलेल्या बोदेआं ह्या लहानशा खेड्यात जन्मले. घरची गरिबी होती. वडील चांभाराचा धंदा करीत. ते अकाली वारले, तेव्हा मुलाच्या शिक्षणाची चिंता गावच्या धर्मगुरूने वाहिली. त्याने ह्या मुलास अक्षरओळख करून दिली, लॅटिनचे पाठ दिले आणि त्याच्यातील बुद्धीची चमक ओळखली. तेराव्या वर्षी हा मुलगा तुलूझ शहरी काकांकडे गेला. गावापासून ते शहर शंभराहून अधिक किलोमीटर दूर. हा प्रवास त्याने पायीच केला असे सांगतात. काका आलेक्सी लारे हे तेथील नावाजलेले शस्त्रवैद्य होते. पोरक्या पुतण्यास त्यांनी घरात ठेवून घेतले आणि आपली विद्या दिली. काकांच्या अथवा मामांच्या घरी राहून शिकलेली माणसे आपल्या प्रत्येक कुटुंबात एक-दोन तरी सापडतील. अशा आश्रयाचे मोल त्यांस वेगळे सांगावयास नको.

तुलूझमधील उमेदवारी पुरी करून लारे पॅरिसला गेले. १७८७ मध्ये स्पर्धापरीक्षा देऊन त्यांनी नौदलात जागा मिळविली आणि न्यू फाउंडलंडकडे जाणाऱ्या एका युद्धनौकेवर शस्त्रवैद्य म्हणून सफर केली. समुद्र त्यांस मानवला नाही. सफरभर ओकाऱ्यांनी ते हैराण झाले. परत येताच त्यांनी नौदलास रामराम ठोकला आणि पॅरिसमध्ये देसो ह्या त्या काळच्या श्रेष्ठ शस्त्रवैद्याच्या हाताखाली अभ्यास पुढे चालू केला. १७८९ मध्ये राज्यक्रांतीचा वणवा पेटला, तेव्हा पॅरिसच्या रस्त्यांवरील जखमींची शुश्रूषा करण्याचा प्रसंग त्यांच्यावर आला. त्यांचे खरे जीवितकार्य मात्र १७९२ मध्ये सुरू झाले. त्या वर्षी फ्रान्सचे युद्ध सुरू होऊन लारे ऱ्हाईन नदीवरील सैन्यात दाखल झाले.

तेथे एका गोष्टीकडे त्यांचे लक्ष वेधले. फ्रेंच सैन्यात त्या सुमारास घोड्यांनी ओढलेल्या हलक्या तोफांची पथके होती. ती वाऱ्याच्या वेगाने मैदानाच्या एका टोकाकडून दुसऱ्या टोकाकडे जात. त्यांस उडता तोफखाना असेच म्हणत. माणूस मारण्याचे यंत्र जर इतक्या वेगाने हालते, तर माणूस वाचविण्याचे साधन एक कोस मागे का उभे राहते, असा लारे ह्यांच्या मनात विचार आला. त्यांनी सेनापती क्युस्तीन ह्यांच्याकडे परवानगी मागितली आणि ती मिळाली. ह्यातून उडत्या रुग्णपथकाचा जन्म झाला.

प्रारंभी घोड्यांच्या पाठीवर टोपल्या बांधून जखमी आणण्याचा विचार होता. तो गैरसोयीचा ठरला. मग लारे ह्यांनी गाडी तयार करविली. सपाट प्रदेशासाठी दोन चाकांची, डोंगराळ मुलखासाठी चार चाकांची. लहान गाडीत दोन जखमी आडवे झोपू शकत. तिला कमानी होत्या, म्हणजे धक्के कमी बसत. आत गादी असून तो तळ रुळांवरून बाहेर ओढता येई. त्यामुळे जखमीस न हलविता आत-बाहेर करता येई. बाजूंस हवेसाठी झरोके होते. १७९७ मध्ये इटलीत ह्या व्यवस्थेस पूर्ण रूप आले. सुमारे ३४० माणसांचे एक दल, त्याचे तीन विभाग, आणि प्रत्येक विभागास बारा हलक्या व चार जड गाड्या. त्यात शस्त्रवैद्य होते, मदतनीस होते, गाडीवान होते, त्याचप्रमाणे घोड्यांचे नाल मारणारा आणि खोगिरे दुरुस्त करणाराही होता. हा तपशील आम्ही मुद्दाम देत आहोत. दयाळू माणसे प्रत्येक युगात होऊन गेली. परंतु दयेसाठी नालबंदाची नेमणूक करावी लागते, हे ओळखणारा माणूस विरळा.

गाडीइतकाच महत्त्वाचा होता तो त्यांचा दुसरा नियम. ज्याची जखम अधिक प्राणघातक त्याच्यावर प्रथम उपचार. त्याचा हुद्दा पाहावयाचा नाही आणि तो आपला की शत्रूचा हेही पाहावयाचे नाही. पुढे ट्रायाज ह्या नावाने जगभर रूढ झालेल्या पद्धतीचे मूळ येथे आहे. सरदार-उमरावांची परंपरा असलेल्या सैन्यात एखाद्या कर्नलाने शेतकऱ्याच्या पोरामागे आपली पाळी येण्याची वाट पाहावी, ही गोष्ट केवढी क्रांतिकारक होती ह्याची कल्पना आपल्यास सहज येईल. पंगतीत कोणास आधी वाढावे ह्यावरून जेथे रुसवे-फुगवे होतात, तेथील वाचकांस ह्याहून अधिक सांगणे नलगे.

त्यांची शस्त्रक्रियाही ह्याच घाईवर उभी होती. चिरडलेला हात-पाय कापावयाचा असेल, तर तो पहिल्या चोवीस तासांतच कापावा, ज्वर आणि पू होण्याची वाट पाहू नये, असे त्यांचे आग्रहाचे मत होते. जुन्या पंडितांचे मत ह्याच्या उलट होते. गुंगीचे औषध अद्याप निघाले नव्हते. ईथरचा जाहीर प्रयोग १८४६ मधला. जंतुनाशक शस्त्रक्रिया त्याहूनही पुढची. अशा काळात शस्त्रवैद्याचा हात जितका जलद, तितक्या रुग्णाच्या वेदना कमी. लारे ह्यांचा हात विजेसारखा चाले. १८११ मध्ये पॅरिसमध्ये राहणाऱ्या इंग्रज लेखिका फॅनी बर्नी ह्यांच्या स्तनातील गाठ काढण्यात आली, त्या शस्त्रवैद्यांच्या मंडळात लारे होते. गुंगीवाचून झालेल्या त्या शस्त्रक्रियेनंतर बर्नीबाई आणखी अठ्ठावीस वर्षे जगल्या.

मध्यंतरी १७९४ मध्ये त्यांचा विवाह झाला होता. पत्नी शार्लोत ह्या चित्रकार होत्या. विवाहानंतर ह्या बाईंच्या वाट्यास आलेला पतीचा सहवास फार थोडा. पती एका मोहिमेहून येई आणि दुसरीवर जाई. मुलांचे संगोपन त्यांनीच केले. थोर पुरुषांच्या चरित्रांत अशा स्त्रियांस एका वाक्यापलीकडे जागा मिळत नाही; आमच्याही हातून त्याहून फारसे अधिक होत नाही, हे खरे.

१७९८ मध्ये नेपोलियनबरोबर लारे इजिप्तला गेले. तेथील वाळूत गाड्यांची चाके रुतू लागली, तेव्हा त्यांनी उंटांच्या दोन्ही अंगांस पाळण्यासारख्या पेट्या बांधून जखमी वाहून नेण्याची युक्ती काढली. सीरियाच्या मोहिमेत जखमांत पडलेल्या अळ्या सडलेले मांस खातात आणि जखम लवकर भरून येते, हे त्यांच्या सूक्ष्म नजरेने टिपले. डोळ्यांची साथ आली, प्लेग आला. १७९९ मध्ये नेपोलियन सैन्य मागे ठेवून फ्रान्सला परतला. लारे मात्र रुग्णांस सोडून गेले नाहीत. १८०१ मध्ये सैन्य शरण जाईपर्यंत ते तेथेच होते. ह्या दोन वागणुकींची तुलना वाचकांनी करावी.

पुढील पंधरा वर्षांतील त्यांच्या मोहिमांची नुसती यादी केली, तरी ह्या स्मरणिकेची पाने पुरावयाची नाहीत. सम्राटाच्या खास रक्षकदलाचे ते मुख्य शस्त्रवैद्य होते. १८०७ च्या फेब्रुवारीत आयलाउच्या बर्फात त्यांनी शस्त्रक्रिया केल्या. कडाक्याच्या थंडीने बधिर झालेला अवयव कापताना रुग्णास वेदना कमी होतात, ही नोंद तेथली. १८०९ च्या मे महिन्यात एसलिंगच्या लढाईनंतर डॅन्यूब नदीवरील पूल वाहून गेले आणि हजारो जखमी लोबाउ नावाच्या बेटावर अडकले. अन्न नव्हते, भांडी नव्हती. लारे ह्यांनी घोडे मारविले, चिलखतांच्या लोखंडी छातपत्र्यांचे टोप केले आणि त्यांत मांसाचा रस शिजविला. मीठ नव्हते म्हणून बंदुकीची दारू घातली. आपल्यातील शाकाहारी मंडळींनी नाक मुरडू नये. त्या रसावर माणसे तगली. ह्याच लढाईत नेपोलियनचा जिवलग सेनापती लान ह्याच्या पायांवर तोफगोळा आदळला. लारे ह्यांनी त्याचा एक पाय कापला; परंतु काही दिवसांनी लान मृत्यू पावला. त्याच वर्षी वाग्रामच्या विजयानंतर लारे ह्यांस बॅरन ही पदवी मिळाली. चांभाराचा मुलगा सरदार झाला.

१८१२ मध्ये रशियाची मोहीम निघाली. बोरोदिनोच्या लढाईत त्यांनी चोवीस तासांत सुमारे दोनशे अवयवच्छेद केले. संख्या वाचताना सोपी वाटते. एका अवयवास काही मिनिटे धरली, तर झोप, जेवण, विसावा ह्यांस त्या दिवसात किती जागा उरली असेल, हे ज्याचे त्याने पाहावे. परतीच्या भीषण वाटचालीत ते कोटाला तापमापक टांगून चालत आणि थंडीच्या नोंदी ठेवीत. बेरेझिना नदीवर पुलाकडे धावणाऱ्या लोंढ्यात ते सापडले, आणि आता चिरडले जाणार, तोच शिपायांनी त्यांस ओळखले. त्यांचे नाव तोंडोतोंडी पुढे गेले आणि भुकेने, थंडीने व भीतीने माणुसकी विसरलेल्या त्या जमावाने त्यांस हातोहात, डोक्यांवरून उचलून पलीकडे पोचविले. त्या पुलावर कितीतरी मोठ्या हुद्द्याचे अधिकारी तुडविले गेले होते.

आमच्या मते मात्र लारे ह्यांच्या आयुष्यातील सर्वांत मोठा प्रसंग रणांगणावर घडलाच नाही. तो १८१३ मधील आहे. रशियात जुने सैन्य नष्ट झाल्यामुळे नेपोलियनने सतरा-अठरा वर्षांची कोवळी पोरे भरती केली होती. ल्युत्सेन आणि बाउत्सेन येथील लढायांनंतर असे आढळून आले की, जखमींपैकी अडीच हजारांहून अधिक शिपायांच्या जखमा बोटांस अथवा हाताच्या पंजास आहेत. सेनाधिकाऱ्यांनी निष्कर्ष काढला की, ह्या भेकडांनी लढाई टाळण्यासाठी आपले हात आपणच फोडून घेतले आहेत. सम्राटासही ते पटले. त्यांतील काहींस गोळ्या घालून इतरांस दहशत बसवावयाची, असा घाट होता. त्यापूर्वी शस्त्रवैद्यांचे मत घ्यावे म्हणून चौकशीचे काम लारे ह्यांच्याकडे आले.

कोणते उत्तर अपेक्षित आहे, हे सर्वांस ठाऊक होते. लारे ह्यांनी मंडळ बसविले, एकेक पोरगा समोर आणविला, प्रत्येकाची जखम तपासली, तो कोणत्या रांगेत उभा होता, काय करीत होता, हे विचारले आणि सर्व लिहून ठेवले. दिवसांमागून दिवस हे काम चालले. सम्राट अधीर झाला होता. अखेर अहवाल गेला तो असा की, एकाही शिपायाने स्वतःस जखम करून घेतल्याचा पुरावा नाही. कारण अगदी साधे होते. ही पोरे तीन रांगांत उभी राहून गोळ्या झाडीत. कवायत पुरी न शिकलेल्या मागच्या रांगेतील मुलाची बंदूक पुढच्याच्या हातास लागे. शिवाय टेकड्या चढताना बंदूक वर धरलेल्या हातांवर वरून गोळ्या येत. ज्यास भेकडपणा म्हटले गेले, तो अपुऱ्या शिक्षणाचा दोष होता. आणि तो दोष शिपायांचा नव्हे, त्यांस घाईने रणात लोटणाऱ्यांचा होता.

अहवाल ऐकून नेपोलियन प्रथम संतापला आणि येरझाऱ्या घालू लागला, असे सांगतात. परंतु कागदपत्रांपुढे त्याचा राग टिकला नाही. त्याच रात्री त्याने लारे ह्यांच्याकडे हिऱ्यांनी मढविलेली स्वतःची प्रतिमा, सहा हजार फ्रँक आणि तीन हजार फ्रँकांच्या वार्षिक वेतनाची सनद पाठविली. नेपोलियनचे दोष आम्ही झाकणार नाही, परंतु तोंडावर नाही म्हणणाऱ्यास बक्षीस देणारा राजा, हेही खरेच. तथापि, ही भेट आली नसती आणि त्याऐवजी बेड्या आल्या असत्या, तरी लारे ह्यांनी अहवालातील एक अक्षर बदलले नसते, अशी आमची खात्री आहे. अडीच हजार घरांतील आई-बापांस ह्या माणसाचे नाव कदाचित कधी कळलेही नसेल.

१८१५ च्या १८ जून रोजी वॉटर्लू येथे नेपोलियनचा सूर्य मावळला. समोर वेलिंग्टन होता. आसईच्या रणांगणावर १८०३ मध्ये शिंदे-भोसल्यांच्या फौजांशी लढलेला आर्थर वेलस्ली तो हाच. तोफांच्या माऱ्यात जखमी उचलणारा माणूस कोण, असे त्याने विचारले आणि लारे हे नाव ऐकताच त्या बाजूचा मारा थांबवून आपली टोपी काढली, अशी आख्यायिका आहे. ती खरी मानण्याचा मोह आम्हांसही होतो. माघारीत लारे तलवारीचा घाव लागून प्रशियनांच्या हाती सापडले. करड्या कोटामुळे त्यांस खुद्द नेपोलियन समजण्यात आले. तो नव्हे असे कळताच गोळी घालण्याचा हुकूम झाला. तेवढ्यात एका प्रशियन शस्त्रवैद्याने त्यांस ओळखले. लारे ह्यांनी पूर्वी बर्लिनमध्ये दिलेल्या व्याख्यानांस तो उपस्थित होता. त्यांस सेनापती ब्ल्यूखर ह्यांच्यापुढे नेण्यात आले. ब्ल्यूखरचा मुलगा पूर्वी जखमी होऊन फ्रेंचांच्या हाती सापडला असता लारे ह्यांनीच त्यास बरे केले होते. बापाने त्यांची मुक्तता केली.

नव्या राजवटीत त्यांची मोठी पदे आणि वेतन काढून घेण्यात आले. काही वर्षांनी वेतन परत मिळाले. १८२१ मध्ये सेंट हेलेना बेटावर नेपोलियन वारला. त्याच्या मृत्युपत्रात लारे ह्यांच्या नावे एक लाख फ्रँक होते आणि आपण पाहिलेल्या माणसांत ह्याच्याइतका सद्गुणी कोणी नाही, अशा अर्थाचा उल्लेख होता. १८३० च्या क्रांतीत पॅरिसमधील एका लष्करी रुग्णालयावर जमाव चालून आला. आतील जखमी राजरक्षकांस त्यास ठार करावयाचे होते. चौसष्ट वर्षांचे लारे दारात उभे राहिले आणि जमाव परत गेला.

१८४२ मध्ये शहात्तराव्या वर्षी त्यांस अल्जीरियातील लष्करी रुग्णालयांच्या पाहणीसाठी पाठविण्यात आले. परतताना ते आजारी पडले आणि २५ जुलै रोजी लियों शहरी त्यांचा अंत झाला. पत्नी शार्लोत तीनच दिवस आधी घरी निवर्तल्या होत्या. दोघांची अखेरची भेट झाली नाही. पॅरिसच्या पेर लाशेझ दफनभूमीत त्यांस पुरण्यात आले. दीडशे वर्षांनी, १९९२ मध्ये, त्यांचे अवशेष सन्मानाने आंव्हालीद येथे हलविण्यात आले.

एक गोष्ट मात्र त्यांच्या हयातीत झाली नाही. शस्त्रवैद्यांचे एक स्थायी आणि स्वायत्त दल असावे, ही त्यांची आणि त्यांचे ज्येष्ठ सहकारी पर्सी ह्यांची मागणी नेपोलियननेही पुरी केली नाही. मोहीम संपली की बहुतेक शस्त्रवैद्य कामावरून कमी केले जात. उडती पथके मुख्यत्वे रक्षकदलापुरतीच राहिली. आणि गाड्या, औषधे, पट्ट्या ह्यांच्या किल्ल्या वैद्यक न जाणणाऱ्या कोठावळ्या अधिकाऱ्यांच्या कमरेस असत. ज्या राजाने मृत्युपत्रात लाख फ्रँक ठेवले, त्याने जिवंतपणी ही किल्ली दिली नाही. आपल्या देशात वैद्यकसेवेच्या वेगवेगळ्या शाखा एकत्र करून आर्मी मेडिकल कोअर उभी राहिली ती ३ एप्रिल १९४३ रोजी. फ्रान्समध्ये लष्करी वैद्यकसेवा कोठारखात्याच्या ताब्यातून मोकळी करणारे कायदे १८८२ आणि १८८९ मध्ये झाले. लारे ह्यांचे पुत्र इपोलीत हेही लष्करी शस्त्रवैद्य होऊन सेनेच्या आरोग्यमंडळाचे अध्यक्षपद भूषवून निवृत्त झाले होते. दुसरा कायदा झाला, तेव्हा ते ऐंशी वर्षांचे होते.